श्वांकमायेरची सात वर्षं

रविवार, रात्री उशिरा

चेक दिग्दर्शक यान श्वांकमायेरचा १९८२चा लघुपट 'संवादाच्या शक्यता' आज पुन्हा पाहिला. जेमतेम बारा मिनिटांचा, पण झोप उडवून गेला.

मधल्या भागात टेबलाशी मातीचे दोन जीव बसलेत, एक बाई आणि एक पुरुष. हाताला हात लागतो आणि माती मातीत विरघळते. कुठला गाल कुणाचा, तेही कळेनासं होतं. मग ती वेगळी होतात, तेव्हा मातीचा एक गोळा उरतो. तो जवळ यायला धडपडतो. बाई त्याला दूर लोटते, पुरुषही लोटतो. शेवटी त्या गोळ्यावरून जुंपते आणि दोघं एकमेकांचे चेहरे ओरबाडून टाकतात. मातीवर बोटांचे ठसे दिसतात, ते लपवायची श्वांकमायेरला गरज वाटत नाही.

हा माणूस डोळ्यांपेक्षा बोटांनी सिनेमा करतो. तो तसा का झाला, याचं बरंचसं उत्तर १९७२ ते १९७९ या वर्षांत आहे. सोव्हिएत रणगाडे ऑगस्ट १९६८मध्ये प्रागमध्ये शिरले आणि पुढे गुस्ताव हुसाकच्या कम्युनिस्ट राजवटीत कलावंतांवरचा पहारा वाढला. सेडलेकच्या, माणसांच्या हाडांनी सजवलेल्या अस्थिगृहावर श्वांकमायेरने १९७०मध्ये लघुपट केला. त्यात तिथल्या गाइडबाईंचं निवेदन होतं, हाडांना हात लावाल तर दंड होईल असं बजावणारं. ते वरच्यांना चाललं नाही. त्याजागी संगीतकार ज्देनेक लिश्काचं जॅझच्या ढंगाचं संगीत घालावं लागलं. त्यानंतर 'लिओनार्दोची रोजनिशी'मध्ये मंजूर पटकथेत नसलेली, रोजच्या जगण्याची दृश्यं त्याने मध्ये मध्ये पेरली. झालं, १९७२पासून स्वतःचा चित्रपट करणं बंद. बारांदोव स्टुडिओत इतरांच्या चित्रपटांसाठी ट्रिकची कामं तेवढी मिळत राहिली.

मग तो स्पर्शाकडे वळला. प्रागच्या अतिवास्तववादी मित्रांसोबत प्रयोग सुरू केले: वस्तू झाकून ठेवायची, समोरच्याने ती फक्त चाचपायची आणि मनात काय उमटलं ते सांगायचं. या सगळ्यावर त्याने पुस्तक लिहिलं. १९८३मध्ये त्याच्या गुपचूप तयार केलेल्या प्रती निघाल्या अवघ्या पाच! छापील पुस्तक यायला राजवट पडावी लागली.

परवानगी परत मिळाली तीही साहित्यकृतींवरच काम करायच्या अटीवर. १९८०मध्ये त्याने एडगर अ‍ॅलन पो या लेखकाची अशर घराण्याची कथा घेतली आणि त्यात एकही नट ठेवला नाही. माती, दगड, लाकूड आणि निवेदकाचा आवाज, बस्स. अट पाळली, पण सिनेमा त्याचाच राहिला. मला हे फार आवडतं. आणि 'संवादाच्या शक्यता'? बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात बक्षीस, मायदेशी बंदी. काय करू नये याचा नमुना म्हणून तो कम्युनिस्ट पक्षाच्या विचारप्रणाली समितीला दाखवला गेला.

बंदीमुळे कला फुलते, असं हल्ली कुणीही सहज म्हणून जातं. मला त्याचा संताप येतो. स्पर्शाचे प्रयोग त्याच्या जिद्दीचे, त्यांचं श्रेय सेन्सॉरला का द्यायचं? १९६४पासून तो जवळपास दर वर्षी नवं काही करत होता. अडतिशी ते पंचेचाळिशी, हातात सगळं कसब आलेलं असताना, त्याच्याकडून सात वर्षं काढून घेतली. त्यात होऊ शकले असते ते लघुपट कुणालाच कधी पाहता येणार नाहीत.