रिंजानीचा घसारा: साताऱ्याहून जाणाऱ्यांसाठी

इंडोनेशियातल्या लोंबोक बेटावरचा रिंजानी डोंगर चढून परत येऊन आठ दिवस झाले. पहाटे यवतेश्वरच्या घाटात भेटणारा प्रत्येक जण एकच विचारतो, रिंजानी जमेल का? आम्हाला पॅकेज विकणाऱ्याने 'मध्यम श्रेणी, वासोटा केला असेल तर सहज' असं सांगितलं होतं. हे साफ चुकीचं आहे, आणि असं सांगून लोकांना वर पाठवणं धोक्याचं आहे.

हा जिवंत ज्वालामुखी ३,७२६ मीटर उंच. पहिल्या दिवशी पायथ्याच्या सेंबालुनच्या गवताळ रानातून चढून २,६३९ मीटरवर विवराच्या कडेला तंबू. ऊन कडक, वाट लांब, बाकी काही नाही. खरं प्रकरण रात्री दोनला सुरू होतं.

तिथून माथा १,०८७ मीटर वर. म्हणजे साडेतीन-चार अजिंक्यतारे एकावर एक, तेही काळोखात. आपला सह्याद्रीही लाव्हाचाच, पण तो साडेसहा कोटी वर्षांचा जुना कातळ. पाय ठेवला की धरतो. रिंजानीच्या शेवटच्या टप्प्यात मात्र नुसती राख आणि खंगरासारखे हलके दगड. दोन पावलं वर टाकायची, दीड पाऊल खाली यायचं. एका हाताला विवराची खोल बाजू, दुसऱ्या हाताला उतार, आणि धारेवर वारा असा की हेडटॉर्चच्या उजेडात धुळीशिवाय काही दिसत नाही. बूट तीनदा काढून झाडले. शेवटच्या दोनशे मीटरला मला दीड तास लागला. एकदा चक्क चार पायांवर चढलो. जून २०२५ मध्ये याच वाटेवर एक परदेशी ट्रेकर घसरून पडली आणि दगावली, हे तिथे उभं राहिल्यावर नीट कळतं.

म्हणून सांगतो: बुटात राख-खडे जाऊ नयेत म्हणून पायाला बांधायचे गेटर हवेतच, काठ्या दोन, जाड हातमोजे, नाकाला फडकं. पुढच्याच्या पावलात पाऊल टाका, बुटाचं टोक आत रोवून. सूर्योदयाचा हट्ट सोडा, उजेडात चढलात तरी डोंगर तोच असतो. आणि घसाऱ्याची भीती वाटत असेल तर कडेवरूनच परत फिरा, त्यात कमीपणा नाही.

आता पैशाचं. आठ जणांना दोन गाईड ठरले होते, सेंबालुनला आला एकच. आमच्यातल्या काकांचा गुडघा पहाटे तीनला अडला, तेव्हा त्यांना घेऊन खाली जायला माणूसच नव्हता. दोन तास ते खडकाच्या आडोशाला थंडीत बसून होते. आणि दुसऱ्या गाईडचे म्हणून माणशी तीन लाख रुपिया आदल्या दिवशीच आमच्याकडून वेगळे घेतले होते! आपले सोळाशेच्या आसपास. रक्कम मोठी नाही, पण राग अजून गेलेला नाही. किती गाईड, हे निघण्याआधी लेखी घ्या. आणि लाख व दहा हजार यांतली शून्यं मोजूनच नोट द्या.

कडेवर माकडं आहेत, लांब शेपटीची. एकीने माझ्या सॅकची चेन ओढून उघडली आणि चिक्कीचं पाकीट घेऊन गेली. खाऊ तंबूत ठेवू नका, पोर्टरकडे द्या.

माथ्यावर पोचलो तेव्हा रडू आलं, हेही लिहितो. पश्चिमेला बालीचा आगुंग, पूर्वेला सुंबावावरचा तांबोरा, समुद्रातून वर आलेली अख्खी ज्वालामुखींची रांग. खाली सेगारा आनाक, म्हणजे समुद्राचं लेकरू, हे तळं. १२५७ मध्ये, देवगिरीला यादवांचं राज्य असताना, शेजारचा समालास ज्वालामुखी फुटून खचला, त्या खड्ड्यातलं हे पाणी. त्या स्फोटाच्या खुणा दोन्ही ध्रुवांच्या बर्फात सापडल्यात. तळ्यात बारुजारी या लहान ज्वालामुखीचा काळा शंकू. यासाठी पुन्हा जाईन.

गिलीच्या बेटांवरचे तीन दिवस छान गेले, त्यात सांगण्यासारखं काही नाही.

सांगायचं ते सासाक, म्हणजे लोंबोकच्या स्थानिक, पोर्टरांबद्दल. बांबूच्या काठीला दोन टोपल्या, पायात साध्या चपला, आणि आमचे तंबू, भांडी, पाणी घेऊन आमच्या आधी वर. आमच्या पोर्टरने सदरा बाजूला करून खांदा दाखवला. काठी टेकते तिथे कातडीला लिंबाएवढी गाठ. घसाऱ्यावर तो मला 'हाती-हाती' म्हणत होता, म्हणजे सांभाळून. त्याच्या गावात जुलै २०१८ च्या भूकंपात घरं पडली. माझं आजोळ पाटणचं, १९६७ ची कोयनेची रात्र आजीकडून ऐकत मोठा झालोय. त्याने हातानेच भिंत पडल्याची खूण केली आणि मला सगळं समजलं.

टीप एजंटाकडे देऊ नका. सेंबालुनला गाडीत बसायच्या आधी, प्रत्येक पोर्टरच्या हातात द्या.