दोघांचेही डोळे

जानेवारीतला सोमवार होता आणि माझ्या हातातल्या सिरिंजमध्ये ‘अ’ जीवनसत्त्व भरलेलं होतं. टेबलावर टॉवेलात गुंडाळलेला गोट्या. लाल कानपट्टीचा स्लायडर, म्हणजे पाणकासव, तळहाताएवढा, दोन्ही डोळे सुजून गच्च मिटलेले. पाळलेल्या पाणकासवाचे डोळे असे दिसले की पहिला संशय ठरलेला असतो: वाळवलेल्या झिंग्यांच्या डबीवर महिनोन्‌महिने काढलेले दिवस, आणि त्यातून झालेली ‘अ’ जीवनसत्त्वाची कमतरता. गोट्या त्या डबीवरच वाढलेला. सगळं जुळत होतं. सुई टोचणार तेवढ्यात कोपऱ्यातल्या खुर्चीवरून आजोबा म्हणाले, “डॉक्टर, ती ट्यूब जरा बंद करता का? रात्रीपासून डोळ्यांत वाळू गेल्यासारखं होतंय.”

मी वळून बघितलं. आजोबांच्या डोळ्यांवर ओला रुमाल, खाली गालांवर पाण्याचे ओघळ. रुमाल काढायला सांगितला तर डोळे लालभडक. सिरिंज ट्रेमध्ये ठेवून दिली.

हे आजोबा आणि गोट्या माझ्याकडे पहिल्यांदा आले ते डिसेंबरच्या मध्यावर. नाशिकची थंडी तेव्हा नुकती जोर धरत होती. माझा दवाखाना मुख्यत्वे कुत्र्यामांजरांचा. पण शहरात कासवं बघणारे डॉक्टर कमी, त्यामुळे फिरत फिरत ती माझ्याकडेच येतात. नातीच्या वाढदिवसाला कुणीतरी दिलेलं कासव. देताना नाण्याएवढं होतं आणि “एवढंच राहतं” असं सांगितलं होतं. ते एवढंच राहत नाही. स्लायडरची मादी सहज फूटभर लांबीची होते आणि तीसतीस वर्षं जगते, पण हे सांगितलं तर कोण विकत घेईल?

पहिल्या खेपेला गोट्याचे डोळे चांगले टकटकीत होते. तक्रार होती ती “खात नाही, नुसता बसून असतो” ही. अंगठ्याने पाठ दाबली तर कडेला ती दबली. दोन वर्षांच्या कासवाची पाठ ताटासारखी टणक लागायला हवी, ही जुन्या प्लास्टिकच्या डब्याच्या झाकणासारखी लवत होती. एक्स-रेमध्ये हाडं इतकी फिकट की पायांची बोटं शोधावी लागली. कॅल्शियम सुरू केलं, खाणं बदलायला सांगितलं, आणि मग घरातल्या टाकीची चौकशी केली. टाकी हॉलमध्ये, टीव्हीशेजारी. वर शोभेची निळी एलईडी पट्टी. पाणी नळाचं. चढून बसायला जागा नाही. ऊन? “येतं की, खिडकीतून येतं,” आजोबा म्हणाले. खिडकी बंद असते का, विचारलं. थंडीमुळे बंदच.

इथे मी माझं नेहमीचं भाषण केलं. कासवाच्या कातडीत एक पदार्थ असतो, त्यावर उन्हातले यूव्ही, म्हणजे अतिनील, किरण पडले की त्याचं ‘ड’ जीवनसत्त्व व्हायला सुरुवात होते. पण नुसते किरण पुरत नाहीत, अंग गरम असावं लागतं, कारण पुढची पायरी उबेवर चालते. आणि ‘ड’ नसेल तर कॅल्शियम कितीही खाऊ घाला, ते आतड्यातून रक्तात नीट उतरत नाही. मग शरीर हाडांतून आणि पाठीतून कॅल्शियम ओढायला लागतं. खिडकीची काच ऊन आत सोडते, पण नेमके हेच किरण अडवते, म्हणून काचेमागचं ऊन कासवाला दिसतं, लाभत नाही. आजोबा मन लावून ऐकत होते. निघताना मी कागदावर लिहून दिलं: १) चढून बसायला कोरडी जागा, २) वर पिवळा गरम बल्ब, ३) यूव्ही, ४) पाण्यात हीटर.

तिसऱ्या ओळीत मी दोनच अक्षरं लिहिली होती. यू आणि व्ही.

आता सोमवार. मी विचारलं, “आजोबा, दिवा बसवलात का?”

“बसवला ना! परवा शनिवारी रात्री. तीन आठवडे लागले मिळायला. माशांच्या दुकानात सांगून ठेवला होता, त्यांनी मागवून दिला. काल दिवसभर चालू होता. हा वर चढतो का बघायला मी शेजारी स्टूल टाकून बसलो होतो, तास-दीड तास तरी.”

“खोकं आहे?”

खोकं होतं. आजोबा वीज मंडळातून वायरमन म्हणून निवृत्त झालेले, बिल आणि खोकं फेकणारा माणूस नव्हे. कापडी पिशवीतून काढून त्यांनी ते माझ्यापुढे धरलं. बाजूला बारीक अक्षरांत ‘२५४ नॅनोमीटर’ आणि त्याखाली उघड्या डोळ्यांनी पाहू नये अशी इंग्रजीतली सूचना. ती मला वाचायलाही चष्मा लागला.

हा जंतू मारायचा दिवा. तो आकडा किरणांच्या तरंगलांबीचा, आणि एवढ्या लांबीचे किरण म्हणजे यूव्ही सी. हिरवं झालेलं पाणी साफ करायला तो टाकीच्या फिल्टरमध्ये, बंद नळीच्या आत लावतात, म्हणजे त्याचा प्रकाश पाण्याखेरीज कशावरच पडत नाही. करोनाच्या काळात खोल्या निर्जंतुक करायला असेच दिवे विकले जात होते. सूर्यातूनही हे किरण निघतात, पण वातावरण ते वरच्या वर गिळतं, जमिनीवर त्यातले येतच नाहीत. म्हणून ना आपल्या डोळ्यांना त्यांची सवय, ना कासवाच्या. कासवाला हवे असतात ते यूव्ही बी, साधारण २९० ते ३१५ नॅनोमीटरच्या आसपासचे. दुकानदाराची यात काय चूक? त्याच्याकडे “टाकीसाठी यूव्ही” मागितला, त्याच्या धंद्यात टाकीचा यूव्ही म्हणजे हाच. त्याने “पाण्यात बुडवा” असंही सांगितलं होतं. पण डॉक्टरांनी उन्हाच्या जागी सांगितलाय, तर ऊन वरूनच यायला हवं, असा विचार करून आजोबांनी तो वर टांगला. आणि टांगला तो इतका व्यवस्थित, पितळी हुक, दुहेरी इन्सुलेशन, पाण्याचा शिंतोडा उडणार नाही असा कोन, की चुकीचा दिवा एवढा नीट बसवलेला मी दुसरा पाहिला नाही.

त्यांना नुसतं “वेल्डिंग” म्हटलं आणि पुढचं सांगावं लागलं नाही. “अरे देवा, म्हणजे आर्क लागला,” ते म्हणाले. चष्म्याशिवाय वेल्डिंगकडे बघणाऱ्याचे डोळे रात्री कसे पेटतात हे त्यांनी उमेदीच्या वर्षांत पाहिलेलं. लगेच काही कळत नाही, काही तासांनी सुरू होतं. त्यांचा पुढचा प्रश्न नातीचा होता आणि उत्तरही त्यांनीच दिलं: ती शनिवारपासून मामाकडे होती. घरी सूनबाईंना फोन करून मी आधी प्लग काढायला लावला. आजोबांना तिथूनच रिक्षाने डोळ्यांच्या डॉक्टरांकडे पाठवलं. ते जायला तयार नव्हते. “आधी त्याचं बघा.”

गोट्याच्या मिटलेल्या पापण्या कोमट सलाइनने भिजवून हळूहळू उघडल्या, डोळ्यांत रंगाचा थेंब टाकला आणि निळा टॉर्च मारला. बुबुळावर दोन्हीकडे हिरवे चमकणारे पट्टे. वरचा थर सोलून निघालेला. मानेची कातडीही गुलाबी पडून पापुद्रे सुटायला लागलेले, जे मघाशी मी पाहिलं होतं आणि तेही ‘अ’च्या खात्यात टाकलं होतं. खरं तर मला दुसरीच गोष्ट खटकायला हवी होती. जीवनसत्त्वाच्या कमतरतेने डोळे सुजायला काही महिने जातात, आणि हे डोळे शनिवारपर्यंत टकटकीत होते. ते इंजेक्शन गेलं असतं तर? ‘अ’ जास्त झालं की कासवाची कातडी सोलते. आधीच भाजलेल्या कातडीवर मी ते चढवणार होतो. आजोबा त्या दिवशी घरीच राहिले असते आणि सूनबाई एकट्या गोट्याला घेऊन आल्या असत्या, तर मला काही कळलंही नसतं.

प्रतिजैविकाचे थेंब, वेदनाशामक, स्टिरॉइड अजिबात नाही. काही दिवस कोरड्या उबदार खोक्यात, मंद उजेडात मुक्काम, आणि दिवसातून एकदा कोमट उथळ पाण्यात तासभर. एवढं करून त्याला मी दवाखान्यातच ठेवून घेतलं आणि संध्याकाळी त्यांच्या घरी गेलो. फी घ्यायचा प्रश्न नव्हता. कागद माझ्या अक्षरातला होता.

टाकीच्या पाण्यात थर्मामीटर बुडवला: १८. निफाडकडून येणारा वारा गंगापूर रोडवर लागत होता, रात्री आणखी उतरलं असतं. स्लायडर मिसिसिपीच्या खोऱ्यातला, थंडी त्याला नवी नाही. पण तिथे तो तळाशी जाऊन नीट झोपतो आणि वसंतात उठून उन्हात बसतो. इथे मात्र १८ अंशांत ना झोप, ना जाग, नुसती अर्धवट गुंगी. त्यात खायला घाला, तर पोटातलं पचतच नाही.

आजोबा काळा चष्मा लावून बसले होते. डोळ्यांच्या डॉक्टरांनी दोन दिवसांत बरं होईल म्हणून सांगितलेलं, तरी स्क्रूड्रायव्हर हातात. मी सांगत गेलो, ते करत गेले. शहाबादी फरशीचा एक तुकडा गच्चीवर पडून होता. तो दोन विटांवर तिरका ठेवला, एक टोक पाण्यात, म्हणजे चढता येईल. त्यावर साध्या चिनी मातीच्या होल्डरमध्ये ५० वॅटचा हॅलोजन. मी दिवा वरखाली करत होतो, ते फरशीवर थर्मामीटर ठेवून आकडा ओरडत होते. ४१. “वर घ्या.” ३६. “अजून बोटभर.” ३३ ला आम्ही थांबलो. पाण्याला थर्मोस्टॅटचा हीटर, २६ वर लावून, आणि त्याभोवती जाळीचा पाइप, कारण कासव काचेच्या हीटरला धडका मारून तो फोडतं. पाणी बदलताना हीटर आधी बंद करायचा, नाहीतर उघडा पडलेला तापून तडकतो, हे सांगायला लागलो तर त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी वाक्य अर्ध्यात सोडलं.

सरपटणाऱ्या प्राण्यांसाठीची यूव्ही बी नळी मी स्वतः मागवली. ती आल्यावर टाकीवरचं काचेचं झाकण काढून जाळी टाकली, कारण झाकण ठेवलं तर पुन्हा खिडकीचीच गत. दिवसाचे बारा तास चालू, रात्री सगळे दिवे बंद, फक्त हीटर राहणार. नळी डोळ्यांना वर्षभरानंतरही तशीच दिसते, पण तिच्यातले कामाचे किरण आधीच संपत आलेले असतात, म्हणून बसवल्याची तारीख तिच्या बुडावर मार्करने लिहायची. तारीख लिहायची म्हटल्यावर आजोबा खूश झाले.

एक अडचण मात्र त्यांनी निघताना काढली. लाईट गेली तर? तास-दोन तास काही होत नाही, पाणी ऊब धरून ठेवतं, वरून गोधडी टाका, म्हटलं. जास्त वेळ गेली तर दुपारी गॅलरीत टबात ठेवा, काच नसलेल्या उन्हात, पण अर्ध्या टबावर सावली हवी, आणि शेजारी माणूस हवा. काचेची टाकी उन्हात ठेवायची नाही, तिचा कुकर होतो. सूनबाई तेवढ्यात हळूच म्हणाल्या, “त्यापेक्षा रामकुंडात सोडून दिला असता तर…” सोडायचा नाही, आपल्या नदीतल्या कासवांच्या जागा हा बळकावतो, एवढंच बोललो. त्यांचंही खरं होतं, दिव्यांचं बिल त्यांच्याच घरी येणार होतं.

गोट्या नवव्या दिवशी घरी गेला, डावा डोळा थोडा धूसर होता तो नंतर निवळला. पाठीचं काम लांबचं, त्याला महिने लागतात.

माझ्या औषधाच्या कागदावर आता ‘यूव्ही’ लिहायचं मी सोडलंय. नळीचं पूर्ण नाव, अंतर सेंटिमीटरमध्ये, आणि खाली लाल पेनाने ‘जंतुनाशक दिवा नव्हे’. लोक हसतात, हसू देत.

मार्चमध्ये आजोबा आले ते भिंतीवरच्या कॅलेंडरची दोन पानं घडी करून. दुधाचा हिशोब लिहायच्या चौकटींत रोजचे दोन आकडे, फरशीचा आणि पाण्याचा. मधेच शेरे. ‘चढला नाही.’ ‘चढला, मिक्सर लावला तर उडी.’ ‘लाईट ११ ते १, गोधडी.’ मी गोट्याची पाठ दाबत होतो, कडेला अजून जरा लवत होती पण डिसेंबरसारखी नाही. आजोबांनी फेब्रुवारीच्या पानावर एका चौकटीवर बोट ठेवलं आणि माझं बघून होईपर्यंत ते हलवलं नाही. तिथे लिहिलं होतं: ‘३३. मान लांब, मागचे पाय पंख्यासारखे पसरून ४० मिनिटे. टीव्ही बंद ठेवला.’