तेलाचा पैसा तिजोरीत, भांडण विजेच्या बिलाचं

नॉर्वेतल्या स्टाव्हांगरमध्ये ऑफिसची जेवणाची सुट्टी साडेअकराला होते. घरून आणलेले ब्रेडचे तुकडे, त्यावर तपकिरी गोडसर चीज, आणि हिवाळ्यात गप्पांचा विषय एकच: वीज. उद्या कुठल्या तासाला दर कमी आहे, कपडे रात्री अकरानंतर धुवायचे की पहाटे, गाडी चार्जिंगला कधी लावायची. बोलणारी माणसं समुद्रातून तेल आणि गॅस काढणाऱ्या उद्योगात काम करणारी, चांगल्या पगाराची. तरी दराचा आलेख मोबाइलवर उघडून एकमेकांना दाखवत बसतात.

कराडहून काकांचा फोन आला की त्यांचा ठरलेला प्रश्न असतो, "तेलाच्या देशात राहतेस, मग पेट्रोल फुकटच की गं तुम्हाला?" फुकट कसलं! युरोपातल्या महागड्या पेट्रोलपैकी एक इथलं. सरकार त्यावर भरपूर कर लावतं, आणि विजेच्या गाड्यांवरचा कर मात्र वर्षानुवर्षं बराचसा माफ ठेवलेला. त्यामुळे २०२४ मध्ये इथे विकल्या गेलेल्या दर दहा नव्या गाड्यांपैकी जवळपास नऊ विजेवरच्या होत्या. तेल काढायचं, जगाला विकायचं आणि आपण मात्र विजेवर फिरायचं. यात ढोंग आहे असं इथलेही काही लोक म्हणतात. मला ते पूर्ण पटत नाही आणि पूर्ण खोडताही येत नाही.

पण तेलाकडे जाण्याआधी पाण्याकडे जावं लागतं. नॉर्वेचं सगळं राजकारण तिथून सुरू होतं, असं माझं मत झालंय.

१९०५ मध्ये नॉर्वे स्वीडनपासून वेगळा झाला. गरीब देश: मासेमारी, लाकूड, जहाजं, डोंगरउतारावरची छोटी शेती. माणसं बोटी भरभरून अमेरिकेला जात होती. त्याच सुमारास वीजनिर्मितीचं तंत्र आलं आणि इथल्या धबधब्यांना एकदम भाव आला. परदेशी भांडवलदार शेतकऱ्यांकडून धबधबे विकत घेत सुटले. नुकतंच स्वतंत्र झालेल्या देशाची संसद घाबरली आणि १९०६ मध्ये तिने घाईघाईने कायदा केला. तो पुढे घट्ट होत १९१७ पर्यंत पक्का झाला. तत्त्व साधं होतं. खासगी कंपनीला पाणी वापरायचा परवाना मिळेल, पण जास्तीत जास्त ६० वर्षांसाठी. मुदत संपली की धरण, बोगदे, यंत्रं, सगळं सरकारच्या ताब्यात, एक पैसाही न देता. शिवाय ज्या गावाच्या डोंगरातून पाणी जातं त्या गावाला विजेचा ठरावीक हिस्सा स्वस्तात आणि दरवर्षी रोख रक्कम.

हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला कोयना आठवली. आमच्याच तालुक्याच्या वरच्या अंगाला धरण झालं, मुंबईचे कारखाने उजळले, आणि ज्यांची गावं पाण्याखाली गेली त्यांच्या पुढच्या पिढ्या अजून पुनर्वसनासाठी मोर्चे काढतात. डोंगर, पाऊस, बोगदे, सगळं तेच. फरक कायद्यात होता, आणि तो कायदा करणारा देश तेव्हा श्रीमंत नव्हता, हे विशेष.

आज इथली सुमारे नव्वद टक्के जलविद्युत सरकारी किंवा नगरपालिकांच्या मालकीची आहे. म्हणून साडेअकराच्या टेबलावरची माणसं बिलावर इतकी चिडतात. त्यांच्या दृष्टीने ती बाजारातून घेतलेली वस्तू नाहीच. आजोबांनी कर भरून बांधलेल्या धरणातलं ते पाणी आहे, आपलं आहे.

तेल आलं तेव्हा ही सवय अंगी मुरलेली होती. १९६९ च्या अखेरीस उत्तर समुद्रात एकोफिस्क क्षेत्र सापडलं. स्टाव्हांगर तोवर डबाबंद सार्डिनचं शहर होतं. जुन्या पांढऱ्या लाकडी घरांच्या गल्लीत त्या कारखान्यांचं संग्रहालय आहे, पाहुणे आले की मी हटकून नेते. मासे कमी झाले होते, कारखाने बंद पडत होते, आणि नेमकं तेव्हा तेल.

त्याच्या वर्षभर आधी, १९६८ मध्ये, फारूक अल-कासिम नावाचा इराकी भूगर्भतज्ज्ञ ओस्लोत उतरला होता. बायको नॉर्वेची, मुलाला सेरेब्रल पाल्सी, त्याच्या उपचारासाठी बसऱ्यातली तेल कंपनीतली चांगली नोकरी सोडून आलेला. सासरच्या गावाला जाणाऱ्या गाडीला अवकाश होता म्हणून तो उद्योग मंत्रालयात गेला आणि विचारलं, इथे कोणत्या तेल कंपन्या काम करतात त्यांची यादी मिळेल का? मंत्रालयात तेलाचं काम पाहणारी माणसं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. यादी राहिली बाजूला, त्यालाच कामावर घेतलं. इराकमध्ये परदेशी कंपन्या तेल कसं नेतात हे त्याने आतून पाहिलं होतं. सरकारी तेल कंपनी वेगळी आणि तिच्यावर लक्ष ठेवणारं संचालनालय वेगळं, ही रचना ठरवण्यात त्याचा मोठा वाटा होता. दोन्ही १९७२ मध्ये स्थापन झाली, दोन्हींची मुख्य कार्यालयं स्टाव्हांगरमध्ये. एका निर्वासितासारख्या आलेल्या माणसाला विचारण्याइतकी नम्रता तेव्हाच्या अधिकाऱ्यांकडे होती, याचं मला आजही नवल वाटतं. आता स्थलांतरितांबद्दलचा सूर बराच बदललाय, तो विषय पुन्हा कधी.

तेल काढणाऱ्या कंपन्यांच्या नफ्यावर इथे ७८ टक्के कर आहे. तरीही कंपन्या पळून जात नाहीत, कारण शोधमोहिमेचा खर्चही सरकार त्याच प्रमाणात वाटून घेतं. हा पैसा सरळ अर्थसंकल्पात ओतला तर महागाई भडकेल, बाकीचे उद्योग मरतील, आणि दर निवडणुकीला कोणीतरी दुप्पट वाटपाचं आश्वासन देईल, हे ओळखून १९९० मध्ये तेलाचा पैसा साठवायच्या निधीचा कायदा झाला. पहिला भरणा १९९६ मध्ये झाला. निधी फक्त देशाबाहेर गुंतवायचा. २००१ पासून नियम असा की दरवर्षी साधारण ४ टक्केच, म्हणजे अपेक्षित परताव्याइतकेच, खर्चायचे. २०१७ मध्ये ते ३ टक्क्यांवर आणले. आज निधीत २० लाख कोटी क्रोनपेक्षा जास्त रक्कम आहे. लोकसंख्या ५६ लाख. म्हणजे डोक्यामागे ३५ लाख क्रोन, रुपयांत अंदाजे तीन कोटी.

हे ऐकून काका म्हणाले, "मग वाटून का टाकत नाहीत?"

वाटत नाहीत ते नाहीतच, वर पगारातून भरभक्कम कर कापतात आणि बहुतेक खरेदीवर २५ टक्के मूल्यवर्धित कर घेतात. आखाती देशांत राहून आलेल्या आपल्या लोकांना हे खटकतं. तिथे प्राप्तिकर नाही, आणि सरकारला जाब विचारण्याची पद्धतही नाही. मला वाटतं या दोन गोष्टी एकमेकींना धरून आहेत. इथलं सरकार तेलावर बरंच काही चालवू शकलं असतं, पण त्याने अर्थसंकल्पाचा मोठा भाग लोकांच्या करावरच ठेवला. कर भरणारा माणूस हिशेब मागतो. २०२३ च्या नगरपालिका निवडणुकीत मीही मत दिलं. परदेशी नागरिक तीन वर्षं राहिला की त्याला स्थानिक मतदानाचा हक्क मिळतो. याच स्टाव्हांगरात रस्त्यावरच्या टोलविरुद्ध एक स्वतंत्र पक्षच निघाला होता आणि २०१९ मध्ये बर्गनसारख्या शहरात त्याने भल्याभल्यांना घाम फोडला. टोलविरुद्ध लढलेल्या कोल्हापूरकरांना हे सांगितलं तर ते मला सल्लागार म्हणून बोलावून घेतील.

पगाराची गोष्टही यात येते. देशपातळीवर कायद्याने ठरलेलं किमान वेतन इथे नाही. आधी निर्यात करणाऱ्या कारखान्यांचे मालक आणि कामगार संघटना बसतात, परदेशी स्पर्धेत टिकून किती वाढ झेपेल ते ठरवतात, आणि बाकी सगळे, नर्स, शिक्षक, बसचालक, साधारण तोच आकडा धरून चालतात. त्यामुळे नळ दुरुस्त करायला येणारा माणूस माझ्याइतकंच कमावतो आणि साहेब म्हणून दबकत नाही. आल्या आल्या चहा विचारला तर गोंधळतोही. वर सगळ्यांचं उत्पन्न आणि भरलेला कर दरवर्षी जाहीर होतो. शेजाऱ्याचं नाव टाकून बघता येतं. २०१४ पासून मात्र कोणी बघितलं हे त्या शेजाऱ्याला कळतं, तेव्हा ही चाळवजा उत्सुकता एकदम थंडावली.

सगळं गोडीगुलाबीचं आहे असं नाही. संपत्तीवर कर आहे, आणि तो वाढल्यावर २०२२ पासून कित्येक धनाढ्य स्वित्झर्लंडला गेले. त्यात मोठा उद्योगपती शेल इंगे रयोके लुगानोला गेल्याची बातमी फार गाजली. सप्टेंबर २०२५ च्या निवडणुकीत हा कर मोठा मुद्दा झाला. मजूर पक्ष सत्तेवर राहिला, पण कर कमी करा म्हणणारा उजवा प्रगती पक्ष सुमारे २४ टक्के मतं घेऊन दुसऱ्या क्रमांकावर आला. तेलाचा भाव पडतो तेव्हा स्टाव्हांगर कसं दिसतं, हेही २०१४ नंतर लोकांनी पाहिलंय. कंपन्यांनी हजारोंनी माणसं कमी केली. त्यात आपले इंजिनियरही होते, ज्यांना नव्या नोकरीबरोबर राहण्याच्या परवान्याचीही चिंता होती.

तर आता वीज. २०२१ मध्ये समुद्राखालून दोन मोठ्या केबल सुरू झाल्या, एक जर्मनीला, एक ब्रिटनला. हिशेब चांगला होता: आपल्याकडे पाणी जास्त असेल तेव्हा विकू, त्यांच्याकडे वारा जास्त असेल तेव्हा घेऊ. मग युरोपात गॅस महागला, रशियाने युक्रेनवर हल्ला केला आणि केबलीतून वीज जायच्या ऐवजी जणू दरच इकडे यायला लागला. देशात विजेचे पाच विभाग आहेत. आम्ही नैऋत्य विभागात, केबलींच्या तोंडाशी. वर उत्तरेकडे ट्रॉम्सोमध्ये वीज कवडीमोल असताना इकडे बिलं पाहून माणसं हबकत होती. डिसेंबर २०२१ पासून सरकारने बिलाचा मोठा भाग उचलायला सुरुवात केली. डिसेंबर २०२४ मध्ये जर्मनीत वारा पडला आणि इथे एका संध्याकाळी करांसह युनिटचा दर दहा क्रोनच्या वर गेला. एरवी तो क्रोनच्या आसपास असतो.

विचित्र भाग असा की गॅसच्या त्याच भाववाढीमुळे देशाच्या तिजोरीत विक्रमी पैसा येत होता. आमच्या भागातली वीज कंपनी आसपासच्या नगरपालिकांच्याच मालकीची, म्हणजे बिल वाढलं की शाळेसाठीचा पैसाही वाढतो. तरी कोणाचं समाधान होईना. निधीतला आकडा कितीही मोठा झाला तरी तो दूरचा. दिवाणखान्यातला हीटर रोज दिसतो.

जानेवारी २०२५ मध्ये सरकारच फुटलं. युरोपीय संघाचे ऊर्जा नियम स्वीकारायचे की नाही यावर शेतकऱ्यांचा सेंटर पक्ष बाहेर पडला. १९७२ आणि १९९४ असं दोनदा जनमत घेऊन या देशाने युरोपीय संघाला नकार दिला होता. त्या नकारामागे मासे आणि शेती होती, आता वीज आली. पंतप्रधान युनास गार स्तोरे यांनी एकट्या मजूर पक्षाचं सरकार चालवलं, नाटोचे माजी सरचिटणीस येन्स स्टोल्टेनबर्ग यांना अर्थमंत्री म्हणून बोलावलं, आणि ऑक्टोबर २०२५ पासून स्थिर दराची योजना आणली: कर वगळून युनिटला ४० ओरे (शंभर ओरे म्हणजे एक क्रोन). हवी त्याने घ्यावी.

जेवणाच्या टेबलावर आता याचे दोन तट आहेत. एक सहकारी म्हणतो, आपल्याच पाण्याला हा भाव योग्य. दुसरी म्हणते, दर बांधून दिला की वीज वाचवायचं कारण संपलं, आणि मोठ्या घरात राहणाऱ्यालाच सगळ्यात जास्त फायदा. घराला महिन्याला ५००० युनिटपर्यंत हा दर मिळतो, डोंगरातल्या सुट्टीच्या घराला फक्त १०००. पहिल्या सहकाऱ्याने घरासाठी लगेच अर्ज केला. डोंगरातल्या घरावर मर्यादा इतकी कमी का, याबद्दल मात्र त्याने खासदाराला ईमेल पाठवली आहे.