पांझरेच्या फडांवर: पाटाकाठचा प्रवास आणि जाणाऱ्यांसाठी काही सूचना

खानदेशातील फड पद्धत, म्हणजे नदीवर बंधारा घालून पाटाने (लहान कालव्याने) वळवलेले पाणी गावाने मिळून शेतांना वाटण्याची जुनी रीत, पाहायला निघालेल्या बहुतेक मंडळींना नदीवरचा जुना दगडी बंधारा तेवढा पाहायचा असतो. तो पाहावा, कारण तो पाहण्यासारखा आहेच. परंतु बंधाऱ्यापाशी छायाचित्रे काढून परत फिरणाऱ्याला फड पद्धत दिसली असे म्हणता येणार नाही. ही व्यवस्था पाटाच्या काठाने चालत शेतांपर्यंत गेल्यावरच उलगडते, आणि तिचे खरे मर्म पाण्यात नसून जमिनीच्या मांडणीत आहे, असे माझे मत या प्रवासात पक्के झाले.

तापी खोऱ्यातील पांझरा, मोसम आणि आरम या नद्यांवर, म्हणजे आजच्या धुळे आणि नाशिक जिल्ह्यांत, ही पद्धत तीनशे ते चारशे वर्षांपासून चालत आली असावी असे मानले जाते. मी पांझरेची निवड केली, कारण धुळे-साक्री-पिंपळनेर हा रस्ता सोयीचा आहे आणि नदी बराच वेळ रस्त्याच्या आसपास राहते. धुळ्याहून सुरत महामार्गाने साक्रीपर्यंतचे अंतर सुमारे ५० किलोमीटर आहे. तेथून पिंपळनेरचा फाटा धरावा लागतो. धुळ्याच्या बाजूची उघडी, कोरडी माळराने मागे टाकत पश्चिमेकडे जावे तसे डोंगर जवळ येतात आणि शेतांचा रंग पालटू लागतो. सह्याद्रीच्या कुशीतल्या डोंगरांवर पाऊस बऱ्यापैकी पडतो, खाली पूर्वेकडे मात्र पर्जन्यछायेचा प्रदेश आहे. डोंगरांत पडलेले पाणी घेऊन नदी कोरड्या पट्ट्यातून वाहते, आणि तिला वाटेत ठिकठिकाणी अडवून थोडे थोडे वळवून घ्यावे ही कल्पना या भूगोलातूनच सुचलेली आहे.

पिंपळनेर-सामोडे परिसरात पोहोचल्यावर विचारपूस करताना एक काळजी घ्यावी. ‘बंधारा कुठे आहे?’ असे विचारले तर लोक आपल्याला बहुधा कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्याकडे पाठवतात, कारण आता तेच अधिक आहेत आणि त्यांच्याशीच रोजचा संबंध येतो. ‘फडाचा पाट कुठून निघतो?’ असे विचारावे, म्हणजे उत्तर नेमके मिळते. दोन्हींमधला फरक डोळ्यांनी ओळखता येतो: कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्याला ओळीने खांब आणि त्यांमध्ये फळ्या बसवण्याच्या खाचा असतात, तर फडाचा बंधारा ही नदीच्या पात्रातली अखंड भिंत असते आणि जास्तीचे पाणी तिच्या माथ्यावरून वाहून जाते. तो पाणी साठवण्यासाठी बांधलेलाच नाही. नदीची पातळी पाटाच्या तोंडाएवढी उचलून धरणे एवढेच त्याचे काम आहे, म्हणून तो बुटका असतो. मी पाहिलेली भिंत सरळ रेषेत नव्हती; पात्रातला खडक जिकडे वर आला होता तिकडे ती वळत गेली होती. दगड आणि चुन्याच्या मूळ कामावर पुढे सिमेंटचे थर चढले आहेत, तरी जुन्या कारागिराने पायासाठी खडक शोधताना भिंतीची लांबी वाढू दिली, हे त्या वाकड्या रेषेत स्पष्ट दिसते.

बंधाऱ्याच्या एका टोकाला पाट सुरू होतो. अशा पाटांची लांबी २ ते १२ किलोमीटरपर्यंत असते. नदीपेक्षा अगदी कमी उतार देत पाट काठाकाठाने नेलेला असल्यामुळे चालता चालता नदी हळूहळू खाली जाते आणि पाट आपल्या सोबत वरच राहतो. काही अंतर चालल्यावर नदी आणि पाट यांच्यामध्ये जमिनीचा रुंद पट्टा तयार झालेला दिसतो. हाच भिजणारा भाग. पाटातून चाऱ्या निघतात, चाऱ्यांतून शेतांत जाणारे लहान सारंग निघतात, आणि वाजवीपेक्षा जास्त पाणी आले तर ते सांडव्यांवाटे पुन्हा नदीला मिळते. कोठेही पंप नाही, वीज नाही, आणि जुन्या भागांत तर लोखंडी दारसुद्धा नाही.

हा सगळा भिजणारा भाग गावाने साधारणपणे तीन किंवा चार मोठ्या तुकड्यांत विभागलेला असतो. एकेक तुकडा म्हणजे एकेक फड. फडाचा आकार १० हेक्टरपासून २०० हेक्टरपर्यंत कितीही असू शकतो. एका फडात एका हंगामात सर्वांनी एकच पीक घ्यायचे, हा मूळ नियम. एका फडात ऊस असला, तर दुसऱ्यात गहू-हरभऱ्यासारखे रब्बीचे पीक, तिसऱ्यात खरिपाचे, आणि एखादा फड पडीक. पुढच्या वर्षी ही क्रमवारी फिरते. जमिनीचा कस टिकतो आणि ती चोपण, म्हणजे खारवट व नापीक, होण्याचा धोका कमी होतो, हा त्याचा शेतीच्या दृष्टीने लाभ. परंतु मला अधिक मोलाची वाटली ती दुसरी गोष्ट: बहुतेक शेतकऱ्यांची जमीन एकाच ठिकाणी नसून प्रत्येक फडात तिची एकेक पट्टी असते. एरवी आपण जमिनीचे तुकडे होणे हा दोष मानतो, आणि एकत्रीकरणाच्या योजनाही त्याच समजुतीवर उभ्या राहिल्या. येथे मात्र तुकडे असणे हाच न्यायाचा पाया आहे. नदीला पाणी कमी असले की या वर्षी एक फड भिजवायचा नाही, असे गाव ठरवते, आणि त्या फडात प्रत्येकाची पट्टी असल्यामुळे तोटाही प्रत्येकाच्या वाट्याला येतो. पाटाच्या तोंडाजवळचा शेतकरी तुपाशी आणि शेवटचा उपाशी, हे कालव्यांवरचे नेहमीचे दुखणे येथे मांडणीतच टाळलेले आहे.

पाण्याच्या व्यवस्थेसाठी गावाने नेमलेली माणसे असतात. पाटावर देखरेख करणारा पाटकरी, शेतात प्रत्यक्ष पाणी फिरवणारा बारेकरी, पिकाची राखण करणारा जागल्या आणि सर्वांवर लक्ष ठेवणारा हवालदार अशी ती उतरंड आहे. पूर्वी त्यांचा मोबदला पिकातल्या हिश्श्याच्या रूपाने दिला जाई. आता बहुतेक व्यवहार रोखीने होतो. शेतकरी स्वतःच्या शेतात स्वतः पाणी घेत नाही, ही यातली कळीची बाब आहे. पाणी देणारा माणूस सर्वांचा असल्यामुळे रात्री कोणी चोरून बारे, म्हणजे शेतात पाणी घेण्याचे तोंड, फोडण्याचे कारणच उरत नाही, आणि फडात सगळीकडे एकच पीक असल्याने कोणाला पाणी अधिक हवे, कोणाला आधी हवे, हा वादही उद्भवत नाही.

एका चारीवर पांढरे धोतर गुडघ्यापर्यंत खोचलेले एक वयस्क बारेकरी काम करताना भेटले. एका शेताचे पाणी पूर्ण होत आले होते. त्यांनी फावड्याने चारीच्या तळातला चिकट गाळ उचलला, त्यात वाळक्या गवताची मूठ दाबून ढेप केली, ती सारंगाच्या तोंडात बसवली आणि वरून टाचेने दोनदा दाबली; पाझर थांबला. मग चार पावले पुढे जाऊन पुढच्या शेताचे तोंड त्यांनी फावड्याच्या एकाच फटक्यात मोकळे केले. पाणी लगेच आत शिरले नाही. आधी त्याने वाळलेल्या पानांचा आणि काटक्यांचा केर पुढे ढकलला, तो सरीच्या तोंडाशी अडला, आणि बारेकऱ्यांनी पायाच्या अंगठ्याने तो बाजूला केल्यावर सरी भरू लागली. “आबा, पाळी कशी लावता?” असे मी विचारले. “जेनं वावर पहिले लागी, तेले पहिले पानी,” असे अहिराणीत उत्तर आले, म्हणजे ज्याचे शेत आधी लागेल त्याला आधी पाणी. पाळी मध्येच तुटली तर पुन्हा पाणी आल्यावर ती तुटली तेथूनच सुरू होते, आरंभापासून नाही, हेही त्यांनीच समजावून सांगितले. सरकारी कालव्यावरची शेजपाळी (पाणी देण्याचा ठरवून दिलेला क्रम) आणि तिच्यासाठी भरायचा सात नंबरचा पाणी-मागणी अर्ज ज्यांना परिचित आहे, त्यांना या बिनकागदी कारभाराचे नवल वाटल्याशिवाय राहणार नाही.

येथे थोडे विषयांतर करण्याचा मोह आवरत नाही. मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या १८८४ मध्ये मुंबई इलाख्याच्या सार्वजनिक बांधकाम खात्यात रुजू झाले, आणि त्यांच्या नोकरीच्या आरंभीच्या कामांत धुळ्याजवळ पांझरेच्या पात्रातून पाणी पलीकडे नेणाऱ्या नळाचे काम होते. पुढे नीरा कालव्यासाठी त्यांनी पाणीवाटपाची ब्लॉक पद्धत सुचवली, जिच्यात जमिनीचे गट पाडून पिकांची फेरपालट ठरवून दिलेली होती. फड आणि ब्लॉक या दोन्ही व्यवस्था शेजारी ठेवून पाहिल्या की त्यांतले साम्य डोळ्यांत भरते.

या पद्धतीचे कौतुक करताना दोन गोष्टी नजरेआड करू नयेत. पहिली म्हणजे हा न्याय जमीनधारकांपुरता आहे. ज्याची फडात पट्टी नाही, त्याचा पाण्यावरही हक्क नाही. भूमिहीन माणसाचा या व्यवस्थेशी संबंध आला तो राखणदार किंवा मजूर म्हणून. दुसरी म्हणजे आज आपण पाहतो तो फड पूर्वीचा नाही. पिंपळनेरजवळ लाटीपाड्याचे धरण झाले, पुढे खाली अक्कलपाड्याचे झाले, आणि नदीचा नैसर्गिक प्रवाह जाऊन धरणातून ठरावीक काळाने सुटणारे पाणी, म्हणजे आवर्तन, आले. पाटाला पाणी कधी येणार हा निर्णय गावाच्या हातून बराचसा निसटला. विहिरी आणि विजेचे पंप वाढल्यावर ज्याच्या विहिरीला पाणी आहे त्याला फडाचा पीकनियम जाच वाटू लागला. भाडणे येथे पांझरा-कान सहकारी साखर कारखाना निघाला तेव्हा उसाला जोर आला, कारखाना बंद पडल्यावर तो ओसरला, आणि आता कांदा व मका यांनी बरीच जागा घेतली आहे. एका फडात एकच पीक, हा नियम मी पाहिलेल्या भागात सर्वत्र पाळला जात नव्हता. एकाच चारीवर कांदा, मका आणि हरभरा शेजारी शेजारी उभे होते. वाटण्या आणि खरेदी-विक्री यांमुळे प्रत्येक फडात पट्टी असण्याचे जुने प्रमाणही मोडत चालले आहे. शासनाने २००५ मध्ये सिंचन पद्धतींचे व्यवस्थापन शेतकऱ्यांकडे देण्याचा कायदा केला, त्याखाली पाणी वापर संस्था स्थापन झाल्या, परंतु जेथे शेकडो वर्षे गावकी स्वतःच पाणी वाटत आली तेथे नोंदणी आणि दप्तर यांचे ओझे नवे आहे, असा सूर मला एकापेक्षा अधिक ठिकाणी ऐकू आला.

आता जाणाऱ्यांसाठी व्यवहाराच्या गोष्टी. काळ निवडायचा तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी. पावसाळ्यात बंधाऱ्यावरून पाणी कोसळताना देखणे दिसते, पण तेव्हा पाटात पाहण्यासारखे काही नसते आणि पात्रात उतरणे धोक्याचे असते. मार्चनंतर उन्हाचा तडाखा आणि कोरडे पाट, एवढेच हाती लागते. निघण्यापूर्वी धरणाचे आवर्तन सुरू आहे का, याची गावात ओळख काढून चौकशी करावी, कारण पाटात पाणी नसेल तर बारेकऱ्याचे काम पाहायला मिळणार नाही. सकाळी लवकर पोहोचावे, म्हणजे पाणी भरण्याचे काम चालू असताना माणसे पाटावर भेटतात. दुपारी सगळे घरी किंवा बाजारात असतात. उपग्रह नकाशावर नदी ओलांडणारी पांढुरकी रेघ शोधून ठेवली तर जुने बंधारे आधीच हेरता येतात, आणि तिच्या एका टोकापासून निघणारी हिरवी कड म्हणजे पाट, हेही ओळखता येते.

पायात मजबूत आणि धुता येतील अशी पादत्राणे असावीत. काळ्या मातीचा चिखल पाटाच्या काठावर कायम असतो आणि चपलेत तो चालू देत नाही. पाटाचा काठ ही पायवाट असली तरी दोन्हीकडे खासगी शेते आहेत, म्हणून दिसेल त्या माणसाला ‘दादा’, ‘आबा’ अशी हाक मारून विचारल्याशिवाय आत शिरू नये. नुकत्याच भरलेल्या सरीत पाय देऊ नये आणि सारंगाच्या तोंडावर बसवलेल्या ढेपेला तर चुकूनही धक्का लावू नये. ती हलली की कोणाच्या तरी पाळीचे पाणी भलतीकडे जाते. मराठी सगळ्यांना समजते, पण आपापसांत बोलणे अहिराणीत चालते, आणि ‘पानी उनं का?’ (पाणी आले का?) एवढे आपणच विचारले तर गप्पांना दार उघडते.

धुळ्यात मुक्काम केल्यास राहण्याची चांगली सोय होते. साक्री आणि पिंपळनेर येथे साधे लॉज मिळतात. एस.टी.ने तीनही गावे जोडलेली आहेत, तथापि पाट मुख्य रस्त्यापासून आत असल्यामुळे दुचाकी हाताशी असणे फार उपयोगी पडते. जेवणात शेवभाजी आणि कळण्याची भाकरी सुचवीन, मात्र तिखटाची सवय नसेल तर आधीच सांगावे. इतिहासाची ओढ असणाऱ्यांनी परतताना धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळात वेळ काढावा, आणि १८८० चे खानदेश गॅझेटिअर चाळून जावे. त्या काळीच पश्चिम खानदेशातल्या ओढ्या-नद्यांवर जुन्या बंधाऱ्यांच्या खुणा किती विपुल होत्या, हे त्यात नोंदलेले आहे.

ज्यांना आणखी पुढे जायचे असेल त्यांनी पिंपळनेरहून शेलबारी घाट ओलांडून ताहराबादला उतरावे. तेथे मोसम खोरे लागते. वर हरणबारीचे धरण आणि खाली फडांची गावे अशी तीच मांडणी पुन्हा दिसते, आणि दोन नद्यांवरची तुलना करता येते. ताहराबादहून सटाण्याला गेले की आरम नदी आहे, तिच्यावर केळझरचे धरण आहे. घाट दिवसाउजेडी पार करावा, आणि सटाण्यात मुक्काम ठेवून मोसम व आरम यांना स्वतंत्र वेळ द्यावा. दोन्ही नद्या एकाच दिवसात उरकायला गेले, तर बंधारे पाहून होतील आणि पाट राहून जातील.