आमची वाटचाल : बरणीच्या डिमरपासून

वडिलांनी साऊंड-लाईटचं काम सुरू केलं तेव्हा कोल्हापुरात गणपतीत व्हरायटी शो लई चालायचे, जादू, मिमिक्री, गाणी, मधेच एखादी लावणी. आमच्याकडं आहुजाचा ॲम्प्लिफायर, चार भोंगे, एक ड्रॉप, म्हणजे स्टेजचा पडदा, आणि उजेड कमी-जास्त करायचा डिमर म्हणजे चिनी मातीच्या बरण्या. मिठाचं पाणी, तळाला एक पत्रा, दुसरा दोरीनं वर-खाली करायचा, जवळ आला की उजेड वाढला, लांब गेला की मंद. मीठ जास्त पडलं की पाणी उकळतंय, कमी पडलं की बल्ब नुसता लालच. वडील चिमटीनं मोजायचे. आता पोरं बोटानं फेड मारतात, असो.

तर ती रात्र. शिवाजी पेठेत शो, जादूगारानं पोरगी पेटीत घातलेली, आणि कॉमेडीवाला, ज्याचा नंबर दोन आयटमनंतर होता, बादली घेऊन मधेच घुसला. स्वतःच्याच पाण्यावर घसरला, धरायला ड्रॉपची दोरी धरली, ड्रॉप जादूगाराच्या डोक्यावर आणि ह्याचे पाय विंगेत आमच्या बरण्यांवर. तीन फुटल्या. वडिलांनी आधी मेन स्विच पाडला, शिव्या नंतर. अंधारात पेटीतली पोरगी ओरडतीय आणि पब्लिक म्हणतंय वन्स मोअर!

भरपाई मागितली तर ठेकेदार म्हणतो, शो हिट झाला की ओ. पुढं दुसऱ्या एका पार्टीनं त्या कॉमेडीवाल्याला उचललं, आणि तेच पडणं मेन आयटम म्हणून पेठापेठांत विकलं, ड्रॉपची दोरी मुद्दाम सैल ठेवून. दोन सीझन आमच्याकडं शोची सुपारी नाही, आईच्या पाटल्या गहाण. जादूगार बिचारा त्यानंतर इकडं फिरकलाच नाही, त्याचं कुणाला काय?

नवीन पोरांनो, डिमर विंगेच्या तोंडाशी ठेवू नका आणि ॲडव्हान्स हातात पडल्याशिवाय टेम्पो भरू नका.

पुढची वर्षं बरी गेली. केशवराव भोसले नाट्यगृहातही कामं केली, 1915 चं ते, वडील शेवटपर्यंत पॅलेस थिएटरच म्हणायचे. 8 ऑगस्ट 2024 ला ते जळताना बघायला वडील नव्हते, बरंच झालं.

त्या पेठेतल्या मंडळाच्या अध्यक्षांनी मात्र फुटलेल्या तीन बरण्यांचे पैसे स्वतःच्या खिशातनं दिले होते, वडिलांनी न मागता. त्यांच्या मंडळाला आजही जुन्याच भाड्यात लाईट जातो, पोरगा कुरकुरतो, कुरकुरू दे. चौथी बरणी वाचली, आई त्यात लिंबाचं लोणचं घालती.