न्काम्बाला जाताना: काँगोमधल्या किम्बांगूंच्या गावाची वाट

काँगो लोकशाही प्रजासत्ताकाच्या राजधानीत, किन्शासाला, येणारे बहुतेक पाहुणे काँगो नदी आणि बोनोबोंचं, म्हणजे चिंपांझीसारख्या वानरांचं, अभयारण्य बघून परततात. माझा आग्रह आहे की सवड काढून न्काम्बाला जा. या देशात धर्मस्वातंत्र्य कसं मिळालं आणि त्याची किंमत कुणी मोजली, ते तिथे समजतं.

सिमॉन किम्बांगू हे १८८७ साली इथे जन्मलेले, बाप्टिस्ट मिशनच्या हाताखाली शिकलेले धर्मोपदेशक. ६ एप्रिल १९२१ रोजी त्यांनी एका आजारी बाईला प्रार्थनेने बरं केलं, अशी श्रद्धा आहे. मग गावोगावचे लोक कामं टाकून न्काम्बाकडे निघाले आणि तेव्हा काँगोवर राज्य करणारं बेल्जियन सरकार धास्तावलं. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला लष्करी न्यायालयाने त्यांना मृत्युदंड सुनावला. बेल्जियमचे राजा आल्बेर यांनी तो जन्मठेपेवर आणला. पुढची तीस वर्षं ते घरापासून शेकडो मैल दूर एलिझाबेथव्हिलच्या, म्हणजे आजच्या लुबुम्बाशीच्या तुरुंगात होते आणि १२ ऑक्टोबर १९५१ रोजी तिथेच वारले. हजारो अनुयायांना हद्दपार केलं गेलं. त्या काळात किम्बांगूंच्या पत्नी मारी म्विलू यांनी लपूनछपून हा किम्बांगूवादी ख्रिस्ती पंथ जिवंत ठेवला. सरकारी मान्यता मिळाली ती २४ डिसेंबर १९५९ला, स्वातंत्र्याच्या जेमतेम सहा महिने आधी.

जायचं कसं, तर किन्शासाहून मातादीचा हमरस्ता धरायचा. वाटेत किसांतूला जुनी वनस्पतिबाग आहे, तिथे तासभर थांबा. म्बांझा-न्गुंगूनंतर फाटा फुटतो आणि पुढे कच्चा रस्ता लागतो. जून ते सप्टेंबर कोरडा काळ, तोच बरा. पावसात लाल माती अशी चिकट होते की फोर-व्हील ड्राइव्ह गाडीसुद्धा अडते. गाडी चालवणारा किकोंगो बोलणारा असेल तर फार सोपं जातं. शाकाहारी असाल तर पोंदू, म्हणजे कसाव्याच्या पानांची भाजी, मागताना त्यात मासे आहेत का ते विचारा. बहुतेक वेळा असतात. क्वांगा, म्हणजे पानात गुंडाळून शिजवलेला कसाव्याचा गोळा, आणि केळी वाटेत मिळतात.

गावाच्या हद्दीत पाय ठेवण्याआधी चपला-बूट काढायचे. देवळाबाहेर चपला काढण्याची आपल्याला सवय असते, पण इथे अख्खं गाव देवळासारखं मानतात. दुपारी जमीन तापते, म्हणून सकाळी पोहोचा. बायकांनी डोक्याला रुमाल बांधायचा आणि पँटऐवजी झगा किंवा लुंगीसारखं पान्य नेसायचं. दारू, तंबाखू, डुकराचं मांस, नाच, सगळं वर्ज्य. फोटो विचारल्याशिवाय काढू नका. आधी किन्शासातल्या किम्बांगूवादी चर्चच्या कार्यालयात जाऊन कळवलं, तर राहायची सोय आणि सोबतीला माणूस मिळणं सोपं होतं.

टेकडीवरचं मंदिर प्रचंड आहे. पांढऱ्या-हिरव्या गणवेशातली माणसं, बासऱ्या आणि बँड, आणि भजनं. ही भजनं माणसाने रचलेली नाहीत, ती स्फुरलेली आहेत, असं ते मानतात. किम्बांगूंची समाधी इथेच आहे. झऱ्याचं पाणी लोक कॅन भरभरून घरी नेतात. नाताळ ते २५ मेला साजरा करतात. किम्बांगू म्हणजे साक्षात पवित्र आत्मा, म्हणजे ख्रिस्ती धर्मातल्या देवाच्या तीन रूपांपैकी एक, ही अनेकांची श्रद्धा. १९६९ साली जागतिक चर्च परिषदेत आलेलं हे चर्च २०२१मध्ये सिद्धान्ताच्या याच मतभेदावरून तिथलं सदस्य राहिलं नाही. पाहुण्याने त्यावर वाद घालू नये. ऐकावं आणि मनापासून ऐकावं.

एक गोष्ट मात्र मला तिथून आल्यावर सतत सतावते. तेव्हाचे हुकूमशहा मोबुतू यांच्या १९७१च्या कायद्याने कॅथलिक, प्रोटेस्टंट आणि किम्बांगूवादी अशा तीन चर्चना मान्यता दिली, आणि बाकीच्या लहान पंथांवर कोणत्या तरी मोठ्या छत्राखाली येण्याची वेळ आणली. कालचे छळलेले सरकारमान्य झाले आणि दुसरे कुणी दाराबाहेर उभे राहिले. यहोवाचे साक्षीदार या ख्रिस्ती पंथावर १९८६ला बंदी आली, ती न्यायालयाने १९९३मध्ये रद्द केली. २००६च्या राज्यघटनेने देश धर्मनिरपेक्ष ठरवला आणि कलम २२ मध्ये धर्मस्वातंत्र्य दिलं. तीच घटना कलम ४१ मध्ये मुलांवर चेटकाचा आरोप करायला मनाई करते. हे कलम किती गरजेचं आहे, ते रस्त्यावर राहणाऱ्या मुलांशी बोललं की कळतं. म्हणून न्काम्बा बघून आल्यावर किन्शासात मोठ्या चर्चसोबत गल्लीतली छोटी प्रार्थनाघरंही बघा, तिथल्या लोकांशी बोला.

६ एप्रिलला आता देशभर सुट्टी असते. त्या दिवशी, २५ मेला आणि १२ ऑक्टोबरच्या सुमाराला न्काम्बात अफाट गर्दी होते. शांतपणे बोलायचं असेल तर या तारखा टाळा, उत्सव बघायचा असेल तर महिनाभर आधी सोय करा. पीतज्वराच्या लशीचं प्रमाणपत्र आणि मलेरियाच्या गोळ्या सोबत हव्यातच. डॉलरच्या नोटा कोऱ्या ठेवा, जराशी फाटकी नोट कुणी घेत नाही. सैनिक आणि सरकारी इमारतींचे फोटो काढू नका. परतीला अंधार पडायच्या आत हमरस्त्याला लागा.