तंजावरच्या माजघरात एक पद

तंजावर, शुक्रवार, रात्री

आज दिग्दर्शकाला स्पष्टच सांगितलं, तंजावरच्या मराठी माणसांवरची आपली फिल्म बृहदीश्वराच्या मराठी शिलालेखापासून सुरू होणार नाही. 1803 साली इथल्या मराठा राजांनी, सरफोजीराजांनी, भोसले घराण्याचा इतिहास देवळाच्या भिंतीवर कोरून घेतला, त्याचं मोल मला ठाऊक आहे. पण महाराष्ट्रातून येणारे बहुतेक जण तिथे फोटो काढतात, त्यांचा ऊर भरून येतो आणि संध्याकाळच्या गाडीने ते निघतात. याच गावात पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारी घरं आहेत, तिकडे कुणी फिरकत नाही.

पुण्यात भरतनाट्यम शिकताना ‘मराठी मुलीला हा मद्रासी नाच कशाला?’ हे किती ऐकलं! आजचा मार्गम, म्हणजे भरतनाट्यमच्या कार्यक्रमाचा ठरलेला क्रम, बसवणारे चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलू हे चौघे भाऊ सरफोजीराजांच्याच दरबारातले. राजांची निरुपणं, म्हणजे एकेका कथेवर नृत्यासाठी केलेल्या रचना, तर चक्क मराठीत आहेत. एकच कथा, एकच राग, एकच ताल, सुरुवातीच्या जयजय-शरणूपासून थेट शेवटच्या मंगलापर्यंत. मुंबईत आचार्य पार्वतीकुमारांनी ती खपून अभ्यासली, पुन्हा रंगमंचावर आणली, म्हणून माझ्यापर्यंत पोचली. त्यांचं हे ऋण फार मोठं आहे.

दुपारी अशाच एका मराठी घरातल्या आजींच्या माजघरात पद, म्हणजे अभिनयाचं गाणं, चित्रित केलं. आजी झोपाळ्यावर, मी समोर, कॅमेरा हातभर अंतरावर. रंगमंचावर भुवईसुद्धा शेवटच्या रांगेपर्यंत पोचवावी लागते, इथे तीच मॉनिटरवर खोटी दिसत होती. अभिनय कमी करत गेले. हात जवळजवळ थांबले, डोळे तेवढे उरले. नट्टुवांगमची, म्हणजे नाचाला ताल देणारी, झांज त्या खोलीत कानाला टोचायला लागली, तेव्हा आजींनी मांडीवर ताल धरला.

मध्येच त्यांनी मला थांबवलं. पदातली बाई रुसलीय ना, मग त्याच्या तोंडाकडे कशाला बघेल? पायाच्या अंगठ्याकडे बघेल की! हे त्यांच्या तंजावरी मराठीत. त्याच दमात सुनेला तमिळमध्ये कॉफी टाकायला सांगितली आणि पुन्हा माझ्याकडे वळून मराठी सुरू. कुठे अडखळणं नाही, कुठे सांधा नाही.

आणि दिग्दर्शक म्हणतो, नाव ‘हरवलेले मराठी’ ठेवू! मला राग आला, अजूनही आहे. सतराव्या शतकात व्यंकोजीराजांनी इथे राज्य उभं केलं, 1855 मध्ये ते संपलं, तरी माणसं इथेच राहिली. इथलं पाणी प्यायली, इथे लग्नं केली, घरात मराठी बोलत राहिली. आपल्याला ती दिसली नाहीत म्हणून ती हरवली का? हे नाव राहणार असेल तर माझं पद त्यातून काढा, असं मी त्याला सांगून आलेय.

आजींनी सांगितल्यानंतरचा टेक सुरेख झालाय. नजर खाली जाते, अंगठा जमीन कोरतो, आणि रुसवा कळायला बाकी काहीच लागत नाही. संकलक फक्त तेवढाच ठेवायचं म्हणतोय. त्याच्या आधीचं आजींचं ‘थांब’ही मला पडद्यावर हवंय, कॉफीसकट. उद्या सकाळी त्याच्याशी बसणार आहे.